मुकी म्हणालात मला?

मी वाजले आणि मारिट आली नाही. काहीतरी बिघडलंय, हे मला तेव्हाच कळलं.

मी प्राध्यापक लुबर्ट वेसेल्स यांच्या जेवणाच्या टेबलावरची पितळी घंटा बोलतेय. हॉलंडमधल्या आमच्या कालव्याकाठच्या घरात मी किणकिणले, की मोलकरीण मारिट हातातली बादली टाकून “आले हो, आले!” म्हणत धावायची. मी मुलखाची भित्री. दार आपटलं तरी माझी जीभ थरथरते. पण हाकेला ओ मिळते, एवढा आधार होता.

त्या सकाळी मालकांनी मला दोऱ्याने काचेच्या हंडीत टांगलं, पंपाने आतली हवा काढून घेतली आणि झाकणातल्या दांडीने मला हलवलं. मी जिवाच्या आकांताने वाजत होते. मारिट उंबरा घासतच राहिली.

हवा परत आत सोडून मालक तिला म्हणाले, “अगं, बहिरी झालीस का?”

“माझ्या कानांना काय धाड भरलीय? तुमची घंटाच मुकी!”

मुकी! आज माझ्या काठाला चीर आहे, कपाटात धूळ खातेय. खुशाल खाऊ द्या. पण मुकी म्हणू नका. मी वाजतच होते. आवाज वाहून न्यायला हवाच नव्हती.

मालकांचंही म्हणणं तेच. धर्मशास्त्राचे प्राध्यापक ब्रांडवाइक त्याला थोतांड म्हणत. शेवटी विद्यापीठात ठरलं, भर सभेत सिद्ध करा, नाहीतर यंत्र कुलपात आणि शिकवणं बंद.

सभेच्या दिवशी कडाक्याची थंडी होती. मालकांच्या पायाशी ठेवायची निखाऱ्यांची पेटी घेऊन मारिट दाराशी आली होती. ब्रांडवाइक लॅटिनमध्ये इतकं लांबले, की पंपाची पाळी आली तीच उशिरा. हवा निघाली. मी वाजले. सभेला काहीच ऐकू आलं नाही.

“आता हवा परत सोडतो, आणि...” मालक म्हणाले.

धाड्! दंडधारी सेवकाने फरशीवर काठी आपटली. “होरा एस्त!” वेळ संपली. आमच्याकडे हे शब्द आले, की बोलणाऱ्याने तोंडातलं अर्धं वाक्यही गिळायचं. मालकांनी गिळलं.

“मेलेल्या घंटेसाठी एवढा थाट?” ब्रांडवाइक झगा सावरत उठले. “जिभेला कापूस बांधला असेल, दुसरं काय!” लोक हसत निघाले.

हे सगळं मारिटने नंतर घरी नक्कल करून दाखवलं. हंडीत मला काठीसुद्धा ऐकू आली नव्हती. जन्मात प्रथमच मी दचकले नाही. मला दिसत होते फक्त मालकांचे घट्ट मिटलेले ओठ.

पण नियम माणसांच्या जिभेला होता. माझ्या जिभेला कुणी घातला होता?

ओठ न उघडता मालकांनी तोटी फिरवली. फुस्स करत हवा आत शिरली. दांडी हलली, आणि मी अशी वाजले, की ब्रांडवाइकांचा दारातला पाय दारातच राहिला.

त्यांच्या शेजारी निखाऱ्यांची पेटी धाडकन खाली पडली आणि भरल्या सभेत, नेहमीच्या सवयीने, मारिट ओरडली, “आले हो, आले!”