अकरा जणींच्या गाठी

धाकट्या नणंदेचं लग्न झालं आणि पंधरा दिवसांत युद्ध संपलं, म्हणून ते वर्ष घरात कुणी कधी विसरलं नाही. नणंद आयुष्यभर सांगायची, "माझ्या पायगुणानं संपलं." त्यावर सासूबाई म्हणायच्या, "मग जरा आधीच लग्न करायचं होतंस बाई, तेवढी माणसं तरी वाचली असती."

नणंद सासरी गेली आणि त्याच महिन्यात घरातली नवी सून पुस्तकबांधणीच्या कारखान्यात कामाला लागली. तेव्हा ती अठरा वर्षांची होती आणि तिला कुणी आत्या म्हणत नव्हतं. ते नाव पुढे मालकांच्या मुलानं दिलं, ते कारखान्यानं उचललं आणि शेवटी साऱ्या गल्लीची ती आत्या झाली.

युद्धात कागद मिळत नव्हता. तो मिळायला लागला तशी लोकांची वाचायची भूक उफाळून आली. शाळेची पुस्तकं, कायद्याची, रेडिओ दुरुस्तीची, बाळाला कसं वाढवावं याची. गाड्या भरभरून फर्मे यायचे. फर्मा म्हणजे एका मोठ्या कागदावर छापून घडी घातलेली सोळा पानं. असे वीस-पंचवीस फर्मे सुईदोऱ्यानं पाठीतून एकमेकांना शिवले की पुस्तक उभं राहतं. हे शिवण्याचं काम मागच्या खोलीत अकरा बायका करत, आणि अकराही जणींना अक्षराचा गंध नव्हता. पानं मागंपुढं होऊ नयेत म्हणून छापखानेवाले प्रत्येक फर्म्याच्या घडीवर एक काळी रेघ छापत, दर फर्म्याला थोडी खाली. फर्मे नीट लागले की त्या रेघांचा जिना दिसायचा. पायरी चुकली की फर्मा चुकला. आत्यानं मोठमोठ्या विद्वानांचे ग्रंथ असे जिन्यावरून तपासले.

मागच्या खोलीत पुरुषांनी पाऊल टाकायचं नाही, असा थोरल्या मालकांचा नियम होता. बायकांची ये-जा मागच्या दारानं. मुकादम भिंतीतल्या छोट्या खिडकीपाशी उभा राहायचा आणि शिवलेले गठ्ठे त्या खिडकीतून घ्यायचा. त्याला आवाज ऐकू यायचे, हात दिसायचे, चेहरे जवळजवळ नाहीतच. पण पुस्तक सैल निघालं तर बोलणी कुणाला द्यायची हे तर कळायला हवं! म्हणून त्यानं ठरवून दिलं होतं की प्रत्येकीनं शेवटच्या टाक्याला आपापली गाठ मारायची. त्यांच्यात वयानं थोरली होती तिची गाठ म्हणजे एकावर एक तीन वेढे. तिला बायका 'उतरंड' म्हणत. एकीची 'मुंगी', इतकी बारीक की चष्म्याशिवाय सापडायची नाही. आत्याच्या शेजारच्या चौरंगावर काडी बसायची. अंगानं काडी, म्हणून नाव काडी. तिच्या गाठीला लांब दोरा सुटलेला असायचा, म्हणून ते 'उंदराचं शेपूट'. आत्याची गाठ दोन फासांची, फुलपाखरासारखी. मुकादम रोज वेगवेगळ्या गाठी मोजायचा, अकरा भरल्या की अकरा जणी हजर. मग गाठीवर सरस चढायचा, कापड चढायचं, पुठ्ठा चढायचा, आणि ती कायमची आत जायची.

आत्याचा हात सोन्याचा, पण तोंडात तीळ भिजत नसे. मुकादमानं एकदा खिडकीतून सहज विचारलं, "काय, बरं आहे ना सगळं?" तर तिनं एका दमात कुणाची सुई मोडली, कुणाला डुलकी लागली आणि कोण मुकादमाच्या मिशांना काय म्हणतं, सगळं सांगून टाकलं. त्या दिवसापासून काडी तिच्या शेजारी बसून दोरा ओवताना बजावायची, "खिडकी उघडली की तू तोंड मिट."

तीन वर्षांनी आत्याला मुलगा झाला. बाळंतपण अवघड गेलं, एकवीस दिवस ती अंथरुणातून उठली नाही. कारखान्याचा नियम कडक होता. चौरंग तीन दिवस रिकामा राहिला की चौथ्या दिवशी तिथं दुसरी बाई. आत्या बाविसाव्या दिवशी जीव मुठीत धरून मागच्या दारानं आत आली, तर चौरंग जागच्या जागी आणि तिची सुईसुद्धा उशीला टोचलेली.

"मुकादमानं ठेवली माझी जागा?" तिनं विचारलं.

काडी वर न बघता म्हणाली, "ठेवली. देवमाणूस आहे."

आत्यानं ही गोष्ट पुढं हजार वेळा सांगितली. मुकादम वारला तेव्हा ती सख्खा भाऊ गेल्यासारखी रडली होती.

पुढं शिवणयंत्र आलं. अकरा बायकांचं काम ते एकटं करायला लागलं आणि मागच्या खोलीत कागदाचे रीळ ठेवले गेले. आत्या तेवढी फाटकी पुस्तकं दुरुस्त करायला राहिली. पन्नाशीला आली तेव्हा तिच्या सुनेनं तिला अक्षरं शिकवली. पहिले सहा महिने दोघींच्या नाकी नऊ आले. "जी पुस्तकं मी शिवली, त्यांच्यावरून तू माझ्या चुका काढतेस?" आत्या चिडायची. सून म्हणायची, "आई, शिवलंत ते सरळ, वाचताय ते वाकडं. त्याला मी काय करू?" पण आत्या शिकली. बोट ठेवून, ओठ हलवत, दिवसाला एक फर्मा वाचायची.

बहात्तरावं वर्ष चालू होतं तेव्हा धाकटे मालक स्वतः घरी आले. आत्या त्यांना अजून बाळ म्हणायची. बाळाला टक्कल पडून दहा वर्षं झाली होती. त्यांच्या हातात न शिवलेले फर्मे होते.

"आत्या, आपल्या धंद्याचा इतिहास आलाय! युद्धानंतरच्या तीस वर्षांतली छपाई आणि बांधणी. प्राध्यापकांनी अकरा वर्षं खपून लिहिलाय. सोमवारी यंत्रावर चढवायचा. म्हटलं, तुम्हाला आधी द्यावा."

आत्यानं पहिल्या फर्म्याला हात लावला नाही. फर्म्यांवरचे मथळे बघत तिनं बांधणीचं प्रकरण शोधून काढलं. ते अठराव्या फर्म्यात होतं. तिथं छापलं होतं: 'या काळात शिवणीचे कुशल काम पुरुष कारागीर करीत. घड्या घालण्यासारख्या किरकोळ कामासाठी स्त्रिया अधूनमधून येत. त्यांची नोंद आढळत नाही.'

तिनं ते तीनदा वाचलं. मग सुनेकडून वाचून घेतलं, आपलंच काही वाकडं वाचलं गेलं असेल म्हणून. सुनेनंही तेच वाचलं.

"बाळ," आत्या म्हणाली, "यंत्र थांबव."

"आत्या, छापून झालंय! आता दोन ओळींसाठी..."

"सव्वीस वर्षं अकरा जणींनी त्या खोलीत पाठी मोडल्या. दहा जणी वर गेल्या, त्यांना काही बोलता येत नाही. मला येतं. सोमवारी हे पुस्तक शिवलं गेलं तर आम्ही झालोच नव्हतो असं होईल. आणि तेही आपल्याच कारखान्यात शिवून?"

धाकट्या मालकांनी डोक्यावरून हात फिरवला आणि दुसऱ्या दिवशी प्राध्यापकाला कचेरीत बोलावलं.

प्राध्यापक भला माणूस होता. त्यानं आत्याला खुर्ची पुढं केली, तिचं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "आजी, मी जुने हजेरीपट एकेक पान करून तपासलेत. मागच्या खोलीपुढं एकच नोंद आहे, 'मुकादम आणि मंडळी'. मंडळी कोण, हे कुठंच नाही."

"तुमच्यासमोर बसलीय ती मंडळी."

तो हसला, पण मान हलवत म्हणाला, "माझा तुमच्या शब्दावर विश्वास आहे. इतिहासाला मात्र पुरावा लागतो."

"मग हातच्या काकणाला आरसा कशाला? आमच्या कारखान्याची त्या काळातली पुस्तकं आणा. तुम्हीच निवडा. कुणी शिवलं ते मी पाठ चाचपून सांगते. मग पाठ उघडा आणि गाठ बघा."

शनिवारी सकाळी सगळे सार्वजनिक वाचनालयात जमले. ग्रंथपालबाईंच्या कपाटात पुठ्ठे निखळलेली, नव्यानं बांधायला काढलेली चाळीसेक पुस्तकं होती. चांगल्या पुस्तकांना हात लावू देणार नाही, हे त्यांनी आधीच बजावलं होतं. प्राध्यापकानं आत्याच्या कारखान्याची चार निवडली.

आत्यानं पहिलं हातात घेतलं, अंगठ्यानं पाठ दाबली, थोडं वाकवलं. "थोरली. हिचं पुस्तक पाटासारखं सपाट पडतं." धाकट्या मालकांनी पाठीला ओली खळ लावली. थोड्या वेळानं सरस भिजून सुटला, जुनं कापड निघालं. शेवटच्या टाक्याला एकावर एक तीन वेढे होते.

"उतरंड!" आत्या म्हणाली.

दुसरं मुंगीचं निघालं, ग्रंथपालबाईंनी भिंग आणून शोधलं. तिसरं आत्याचं स्वतःचं. दोन फासांचं फुलपाखरू पिवळं पडलं होतं, पण जागचं हललं नव्हतं. प्राध्यापक भराभर टिपून घेत होता. वाचायला आलेली चार माणसंही आपली वर्तमानपत्रं सोडून टेबलाभोवती उभी राहिली.

चौथं पुस्तक आत्यानं नुसतं उघडमीट केलं. "ही काडी. दोरा असा ताणते की पुस्तक कुरकुरतं. आता बघा उंदराचं शेपूट."

खळ लावली, कापड सोललं. शेपूट नव्हतं. दोन फासांचं फुलपाखरू होतं.

प्राध्यापकानं हळूच विचारलं, "आजी, ही तर तुमची गाठ ना?"

"माझीच."

"मग हात ओळखता येतो असं मला लिहिता येणार नाही." त्यानं पेनाला टोपण लावलं. त्याला स्वतःलाच वाईट वाटत होतं.

आत्यानं पुस्तक पुन्हा हातात घेतलं. पाठ दाबली. कुरकुर ऐकली. हात काडीचा, यात तिला तिळमात्र शंका नव्हती. मग तिनं मुखपृष्ठामागचं पान उलटलं आणि बोट ठेवून वाचलं, महिना आणि वर्ष. सूनही खांद्यावरून वाकून वाचत होती. तिच्या तोंडून निघालं, "अहो आई, हा तर ह्यांच्या जन्माचा महिना!"

आत्याचं बोट तिथंच थांबलं. "त्या महिन्यात मी अंथरुणावर होते," ती म्हणाली. "एकवीस दिवस. मी एकही टाका घातला नाही." मग एकदम मान वर करून म्हणाली, "बाई, ह्याच महिन्याची अजून आहेत का हो?"

ग्रंथपालबाईंनी कपाट उपसलं. दोन सापडली. आत्यानं एकाची पाठ चाचपली, "थोरलीचा हात." दुसऱ्याची चाचपली, "हा मुंगीचा." दोन्ही उघडली. दोन्हींत फुलपाखरू.

आता सगळ्यांच्या लक्षात आलं, आणि आत्याच्या सगळ्यात शेवटी. मुकादम तिला चेहऱ्यानं ओळखत नव्हता, गाठीनं ओळखत होता. एकवीस दिवस दहा जणींनी आपापलं काम उरकून पाळीपाळीनं तिच्या वाटणीचं शिवलं होतं आणि तिची गाठ मारून खिडकीतून बाहेर दिलं होतं. खिडकीपलीकडं अकरा गाठी भरत होत्या. मुकादमानं काही ठेवलं नव्हतं. त्याला काही ठाऊकच नव्हतं.

"अगं भवान्यांनो!" आत्या भर वाचनालयात ओरडली. डोळ्यांतून पाणी आणि तोंडावर हसू. "पन्नास वर्षं मी त्या मिशाळाचे गोडवे गात हिंडले!"

"पण त्या बायकांनी तुम्हाला सांगितलं का नाही?" प्राध्यापकानं विचारलं.

उत्तर धाकट्या मालकांनी दिलं. "सांगितलं असतं तर दुसऱ्या दिवशी आत्यांनी खिडकीत जाऊन मुकादमालाच सांगितलं असतं, बघा आमच्या बायका किती गुणाच्या!"

वाचनालयात शांतता पाळावी, अशी पाटी होती. तिच्याखाली उभ्या ग्रंथपालबाई सगळ्यांत मोठ्यानं हसल्या.

प्राध्यापकानं पेनाचं टोपण काढलं. "मालक," तो म्हणाला, "सोमवारी यंत्र लावू नका. अठरावा फर्मा रद्द. मी चूक लिहिलंय."

अठरावा फर्मा नव्यानं छापला गेला आणि त्याच्यामागं आणखी एक फर्मा वाढला. पाठीवरच्या जिन्याला एक पायरी जास्त झाली. त्या सोळा पानांत मागच्या खोलीची हकिकत आली, अकरा जणींची नावं आली आणि प्रत्येक नावापुढं तिची गाठ. गाठी आत्यानं जाड दोऱ्यानं बांधून दाखवल्या, चित्रकारानं काढल्या. मुंगीसाठी त्याला दोन दिवस लागले. शेवटची ओळ प्राध्यापकानं आत्याला विचारून लिहिली: 'त्या तीस वर्षांतली या शहरातली पुस्तकं कुणी शिवली हे पाहायचं असेल, तर पाठ उघडावी.'

प्रकाशनाला सभागृह भरलं होतं. अकराही घरची माणसं आली होती. काडीची लेक पहिल्या रांगेत होती. आईसारखीच काडी. आत्याला व्यासपीठावर बसवलं, हार घातला आणि बोलायला सांगितलं. सून खालून खुणा करत होती की आटपा, पण आत्या पाऊण तास बोलली आणि लोक पाऊण तास टाळ्या वाजवत राहिले. तिनं मुकादमाच्या मिशांना बायका काय म्हणत तेही सांगितलं.

पुस्तकाच्या सगळ्या प्रती यंत्रानं शिवल्या. पहिली तेवढी आत्यानं हातानं शिवली, मागच्या खोलीत, रीळ बाजूला सारून, चौरंगावर बसून. शेवटच्या टाक्याला तिनं आपली गाठ मारली नाही. उंदराचं शेपूट मारलं, चांगलं लांब सोडलं, मग सरस लावू दिला. ती प्रत काडीच्या लेकीला दिली. आत काय आहे ते मात्र तिनं कुणाला सांगितलं नाही. शेवटच्या आजारात फक्त सुनेला सांगितलं.

मुकादम शिवणयंत्र आलं त्या वर्षी वारला. काडी त्यानंतर नऊ वर्षांनी गेली. आत्या पुस्तक आल्यावर सहाव्या वर्षी, नातीचं लग्न होऊन बारा दिवस झाले होते तेव्हा, सकाळी चहाच्या आधी गेली.