पोळ्याला मोकळी सोडलेली जनावरं

आमच्या गोठ्यात दोन बैल, एक गाय आणि एक कालवड आहे. माझ्या फोनात त्रेसष्ट जनावरं आहेत. फोनातली जनावरंसुद्धा शेण टाकतात, पण ते पाटीत भरून उकिरड्यावर न्यावं लागत नाही, हे एक सुख.

आमच्या कुरुंदा गावात हे कुणाला फारसं माहीत नाही. घरात मात्र माहीत आहे. आमचे हे, म्हणजे उकंडराव, यांनी पहिल्याच दिवशी निकाल दिला होता, "पन्नाशीला आली अन् पाली पाळून राहिली."

पाली नाहीत त्या. तोंड घोरपडीचं, उंची उंटाची आणि शेपटी अशी की एका फटक्यात बाभूळ आडवी.

हे सगळं माझ्या लेकीमुळं झालं. कोमल दोन वर्षांपूर्वी पुण्याला कंपनीत लागली. रोज फोन करायची. जेवलीस का, जेवले, तू, हो. पुढं दोघीही गप्प. मी शेगडीकडं बघत बसायची, ती बहुतेक भिंतीकडं. दिवाळीला आली तेव्हा तिनं माझ्या फोनात हा गेम टाकला. एका बेटावर रिकाम्या हातानं उतरायचं, लाकूड तोडायचं, घर बांधायचं, जनावर धरून माणसाळवायचं आणि जगायचं. म्हणाली, "आई, अंड्यांवर लक्ष ठेवायला माणूस पाहिजे आमाला. तू नुसती राखण कर."

राखण मला येते. तेव्हापासून रोज सकाळी सहा ते सात आम्ही दोघी बेटावर. अंडं उबेला ठेवलं की हलता येत नाही, आणि हलता येत नसलं की माणूस बोलतं. तिच्या साहेबाचं नाव, तिच्या मैत्रिणीचं मोडलेलं लग्न, तिला भात कुठला आवडत नाही, हे सगळं मला अंड्यांजवळ बसून कळलं.

टोळीत आम्ही तिघं. मी, कोमल आणि धम्मदीप. धम्मदीप हा कोमलच्या कॉलेजातला, हिंगोलीत त्याचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. टोळीचा म्होरक्या तोच. मला मावशी म्हणतो.

त्यानं मला या गेममधली खरी गोम शिकवली. पिल्लू प्रत्येक गुण आईचा तरी घेतं नाहीतर बापाचा तरी. पण शंभर अंड्यांत एखाद्या अंड्यात भलतंच होतं. आईत नाही, बापात नाही, असं काही तरी पिल्लात येतं. त्याला म्युटेशन म्हणायचं. एका गुणाचा आकडा वाढतो आणि अंगाचा रंग बदलतो. मग ते पिल्लू वाढवायचं, पुन्हा जोडायचं, पुन्हा शंभर अंडी. आणि जोडायचं कुणाशी? त्याच्याच आईशी, नाहीतर त्याच्याच लेकीशी. हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी फोन पालथा घातला होता. आमच्याकडं दर तीन वर्षांनी वळू बदलतात, ते काय उगीच?

"मावशी, हे खरं न्हाई, गेम हाय," धम्मदीप म्हणाला.

"गेम असला म्हणून काय झालं, त्यांना काही लाज?"

पण शिकले. वर्षभर या पद्धतीनं एकवीस पिढ्या काढून आम्ही एक नर तयार केला. ताकद अशी की बेटावर कुणाकडं नसेल. रंग कच्च्या कैरीचा, म्हणून मी त्याचं नाव कैऱ्या ठेवलं. धम्मदीपनं त्याचं नाव एम-एकवीस ठेवलं होतं. अशा नावाला हाक कशी मारायची?

कैऱ्या तयार केला तो ज्वालामुखीतल्या राक्षसासाठी. मोसमातून एकदाच त्याच्याशी लढता येतं. मागचे दोन मोसम आम्ही हरलो होतो. या खेपेची लढाई पोळ्यानंतरच्या रविवारी होती. आठवडाभर आधी धम्मदीपनं फोन केला. कोमलही लाइनवर होती.

"यंदा हरलो तर मी आपली टोळी नागपूरच्या पोरांत मिसळून टाकणार. तिघांत हे जमून न्हाई राहिलं."

"मग मिसळ की बाबा," मी म्हणाले.

"मावशी, ते फक्त लढणारे घेतात."

तिघांत न लढणारी एकच होती. धम्मदीपचा त्यात काही दोष नव्हता, पण सकाळचे सहा वाजले की मी कुठं जाणार, हे मला त्या दिवसापासून सुचेना.

पोळा शुक्रवारी आला. गुरुवारी संध्याकाळी यांनी बैलांचे खांदे गरम पाण्यानं शेकले, तूप-हळद चोळली. पोळ्याच्या दिवशी जनावराच्या खांद्यावर जू ठेवत नाहीत, पाठीला काठी लावत नाहीत. लहानपणापासून आमच्या हाडात भिनलेली गोष्ट. शुक्रवारी पहाटे पुरण शिजायला घातलं आणि फोन उघडला, तर माझी त्रेसष्ट जनावरं खोगीर कसून वाड्याच्या कुंपणात उभी. सणाच्या दिवशी.

मला काही ते बघवलं नाही.

एकेकाचं खोगीर उतरवलं. त्यालाच तासभर गेला. प्रत्येक जनावरापुढं एक बटण असतं, मोकळं फिरू दे म्हणून. ते दाबलं. कुंपणाचं दार उघडलं. जा बाबांनो, चरा एक दिवस. मग पोळ्या, बैलांची झूल-बाशिंगं, मारुतीपुढची मिरवणूक, पाव्हणे. दिवसभर फोन हातात घेतला नाही. मनाला मात्र छान वाटत होतं.

दिवेलागणीला कोमलचा फोन.

"आई, जनावरं कुठायत?"

"चरायला सोडली. आज पोळा ना."

तिनं तिकडं पटपट जनावरांची यादी उघडून बघितली. मग ती म्हणाली, "आई, कैऱ्या मेला. दलदलीत गेला अन् मगरीनं धरला. नर-माद्या सगळ्या एकात एक झाल्यात. कुणाची कोण, काही मेळ न्हाई. काहून केलं असं? गेममधी पोळा असतो का?"

"जनावर असतंय तिथं पोळा का नसावा?" हे मी बोलून गेले, पण आवाज माझा मलाच बारीक ऐकू आला.

धम्मदीप लाइनवर आला. तो रागावला असता तर बरं झालं असतं. तो नुसता म्हणाला, "असू द्या मावशी. वरीसभर मजा आली." म्हणजे झालंच की सगळं.

मी फोन ठेवून परातीत उरलेलं पुरण बघत बसले. हे बैलांना घास देऊन आत आले.

"काय झालं? रडून राहिली का?"

सांगितलं. हसतील असं वाटलं होतं. पण हा माणूस लाल कंधारी गायींत वाढलेला. त्यांनी एकच विचारलं, "वळू मरायच्या आधी मोकळा फिरत होता ना? माद्याबराबर?"

"व्हय."

"मग अंडी बघ ना, येडे."

बघितली. कुंपणाबाहेर, झऱ्याकाठी, झुडपात, सतरा अंडी. आठ गारठून मेलेली. नऊ जिवंत. आई कोण, बाप कोण, गेमलाच ठाऊक.

पोळ्याचा दुसरा दिवस कर. त्या दिवशी शेतात कुणी जात नाही. आम्ही दोघं दिवसभर नऊ अंड्यांभोवती शेकोट्या लावून बसलो. पिल्लं निघाली की त्यांचा लळा लावायचा असतो. कधी मांस मागतात, कधी फिरायला ने म्हणतात, कधी नुसता हात फिरव म्हणतात. जेवढा लळा जास्त तेवढं जनावर जीव तोडून लढतं. मी भाकरी थापायला उठले की फोन यांच्याकडं. हे चष्मा लावून, अंगठ्यानं काच कुरवाळत, "हां, हां, घे राजा." मी दारातून बघितलं. पाली म्हणणारा माणूस तो.

सहावं अंडं फुटलं आणि आतून पिवळंधमक पिल्लू निघालं. वाळवलेल्या हळकुंडासारखं. आमच्या साऱ्या कळपात पिवळं कुणीच नव्हतं. यांनी लगेच नाव ठेवलं, हळद्या.

संध्याकाळपर्यंत तो पुरा वाढला. धम्मदीपला आकडे पाठवले. त्याचा फोन धावतच आला, कोमलही लाइनवर.

"मावशी, कैऱ्याची सगळी ताकद याच्यात उतरली! बापाचा बराबर तेवढाच आकडा!"

"अन् पिवळा कशानं झाला?"

"म्युटेशन आली, पण दमात आली. लई पळला तरी थकायचा न्हाई, एवढंच. लोक दमाची म्युटेशन आली तर पिल्लू फेकून देतात." मग म्हणाला, "पण मावशी, एक तकलीफ हाय. लळा शंभर टक्के तुमच्या नावावर दिसून राहिला. म्हणजे तुमी बसला तरच हा पूर्ण ताकदीनं लढणार. मी बसलो तर निम्म्यानं."

त्यातला अर्धा लळा यांचा होता. पण फोन माझा म्हणून नाव माझं.

"मला लढता येत न्हाई, बाबा."

"आई," कोमल म्हणाली, "दुसरं कोणी न्हाईच."

रविवारी सकाळी नऊला आम्ही ज्वालामुखीत उतरलो. माझं तोंड कोपऱ्यात दिसावं म्हणून कोमलनं मला फोनचा कॅमेरा चालू ठेवायला लावला होता. राक्षस आमच्या गावच्या पाण्याच्या टाकीपेक्षा उंच. पुढून आग ओकतो, मागून शेपटी मारतो. धम्मदीपनं शिकवलं होतं, एक बटण चाव्याचं, एक उडीचं, एक शेपटीचं. मी पहिल्या झटक्यात उडी मारून भिंतीवर आपटले.

"आई, डावीकडं! तुझी डावी!"

"माझी डावीच व्हय ही!"

पाचव्या मिनिटाला धम्मदीप मेला. जनावरासकट जळाला. दहाव्या मिनिटाला कोमलचं जनावर दमून उभं राहिलं आणि शेपटीखाली आलं. मेलेल्यांना पुढचं फक्त बघता येतं. राक्षसाचा जीव निम्मा शिल्लक, आणि समोर मी.

हे माझ्या खांद्यावरून वाकून बघत होते. एकदम ओरडले, "समोर काहून जाऊन राहिली? भवताली फिर! खळ्यावर पात फिरवल्यागत!"

हे मला कळलं. माझ्या बापाच्या खळ्यावर मधोमध खुंटा रोवलेला असायचा आणि त्याभोवती मी बैलांची पात फिरवायची, ज्वारीची कणसं तुडवत, दुपारभर. राक्षस म्हणजे तो खुंटा. त्याच्या अंगाला खेटून हळद्याला गोल फिरवायला लागले. राक्षस वळतोय, पण त्याला वळायला वेळ लागतो. आग कायम आमच्या मागं पडते, शेपटी पुढं. आणि दर फेरीला एक चावा. दुसरं कुठलं जनावर असतं तर चौथ्या फेरीला बसलं असतं. हळद्याचा दम संपेचना. मी नकळत तोंडानं हो-हो, थिर्र करायला लागले. बावीस मिनिटं. अंगठा बधिर झाला, तेव्हा यांनी माझं मनगट धरून ठेवलं.

राक्षस पडला तेव्हा मी अजून दोन फेऱ्या मारल्या. कोमल ओरडत होती, "आई थांब! मेला तो! थांब ना!"

धम्मदीपनं त्याच बैठकीत नागपूरच्या पोरांना लिहून टाकलं की आमचं आम्ही बघतो. मग मला म्हणाला, "मावशी, आता हळद्याच्या वंशात दमाच्या म्युटेशना वाढवू. पन्नास पिढ्या."

"वाढवू. पण आधी त्याला बाहेरची बायको बघ. आईशी जोडणार न्हाई मी त्याला."

"मावशी, त्याची आई कोण तेच आपल्याला ठाऊक न्हाई."

"मग तर अजून बघून कर."

तो हसत हसत दुकान उघडायला गेला. हे बैलांना पाणी दाखवायला गेले. दाखवायला म्हणून गेले, पण शेजारच्या भावसिंगला थांबवून बावीस मिनिटं कशी फिरवली ते सांगताना मला खिडकीतून ऐकू आलं. सांगण्यात फिरवणारे हेच होते.

बेटावर उबेला एकही अंडं नव्हतं, राखायला काही नव्हतं. मला वाटलं कोमल आता ठेवेल.

"मी मेले ना, तवापासून नुसती तुझ्याकडंच बघत होते," ती म्हणाली. "लई वेळ मिळाला."

"मग? कशी दिसले?"

"मोठ्या आत्यासारखी. बैल हाकताना तोंड वाकडं करतेस."

फोन मी मिठाच्या बरणीला टेकवून ठेवला आणि पीठ मळायला घेतलं. तिकडं तिनं कांदा चिरायला घेतला असावा, सुरीचा आवाज येत होता. भाकरी तव्यावर टाकली. तिकडं कुकरची एक शिट्टी झाली, मग दुसरी. दोघींपैकी कुणीच काही बोललं नाही, आणि फोनही कुणी ठेवला नाही.