होडीची डावी बाजू

सोलापुरापासून समुद्र एका रात्रीच्या एसटीवर आहे. हरिदास बनसोडे यांनी एसटीच्या वर्कशॉपात तीस वर्षं सुतारकी केली. त्यांनी ठोकलेल्या गाड्या मालवणला जाऊन आल्या, रत्नागिरीला जाऊन आल्या. बनसोडे मात्र सोलापुरातच राहिले. एकदा एका गाडीच्या मडगार्डाला चिकटलेली वाळू त्यांनी बोटानं चाखून पाहिली. खारट लागली. समुद्राशी त्यांचा प्रत्यक्ष संबंध काय तो एवढाच.

पण अप्रत्यक्ष संबंध भयंकर होता. रद्दीच्या दुकानात त्यांना एक जुनं पुस्तक मिळालं होतं. पहिली चाळीस पानं गेलेली, त्यामुळे लेखकही गेलेला. आत कोकणातल्या होड्यांची चित्रं, मापांसकट. बनसोड्यांनी ते वीस वर्षं वाचलं आणि गल्लीला ऐकवलं. रविवारी विहारातली वंदना संपली, की लोक चपला शोधायच्या आत ते सुरू करायचे.

"खिळा नव्हता हो! फळीला फळी काथ्यानं शिवायची, गोधडी शिवतात तशी. आणि बाजूला दोन दांड्यांवर पांगाऱ्याचा ओंडका तरंगत ठेवायचा. ती उलांडी. उलांडी असली की होडी कलंडत नाही! ही युक्ती लांबच्या बेटांवरनं आली म्हणतात. मग इंजिनं आली, फायबर आलं, आणि शिवणारे हात गेले."

"आणि रापण, काका?" शेजारचा यशपाल मुद्दाम विचारायचा. त्याचा टेम्पो होता आणि त्याला घाई कधीच नसे.

"रापण म्हणजे तर काय!" बनसोडे उभे राहायचे. "होडीतनं जाळं समुद्रात सोडायचं आणि दोन्ही टोकांचे दोर किनाऱ्यावरनं अख्ख्या गावानं ओढायचे. ज्याचा दोराला हात लागला, त्याचा वाटा. म्हातारी असो, पाव्हणा असो."

"आणि नुसतं बघणाऱ्याला?"

"त्याला वास."

रिटायर झाल्यावर त्यांनी अंगणात पत्र्याची शेड घातली आणि आंब्याच्या फळ्यांची सोळा फुटी होडी शिवायला घेतली. चार वर्षं लागली. आयुष्यभर रिबिटा मारलेला माणूस, पण त्यात एक खिळा मारला नाही. होडीला ते जिवापाड जपत. पावसाचा थेंब लागू नये म्हणून वर ताडपत्री, ताडपत्रीवर पत्रा. मीनाबाईंनी अंगणात सडा टाकला, की आतून ओरड यायची, "अगं, होडीला पाणी लागंल!"

मीनाबाईंचं दुखणं वेगळं होतं. शेडनं त्यांची कपडे वाळत घालायची दोरी खाल्ली होती. त्यांनी मग उलांडीचे दांडे धरले. घरातल्या जाडजूड सोलापुरी चादरी, निथळत्या, थेट त्या डावीकडच्या दांड्यांवर. रोज भांडण, रोज चादरी.

शेवटी मीनाबाईंनी करार केला, यशपालच्या साक्षीनं. नारळी पौर्णिमेला कोकणात होड्या पाण्यात जातात, त्याच दिवशी ही उजनीच्या पाण्यात घालायची. तरंगली तर मीनाबाई स्वतः तीत बसणार. बुडाली तर ती फोडून टीव्हीचं शोकेस करायचं, आणि समुद्र हा शब्द घरात काढायचा नाही.

"कबूल," बनसोडे म्हणाले. आवाज ठाम होता. त्या रात्री जेवण मात्र गेलं नाही.

पौर्णिमेला सकाळी टेम्पो माढ्याकडून उजनीच्या काठाला लागला. नारळ पाण्यात सोडायचा की चटणीला ठेवायचा, याचा निकाल मीनाबाईंनी घरीच लावला होता. धरण तुडुंब. पलीकडचा काठ दिसेना. बनसोड्यांनी एवढं पाणी जन्मात पाहिलं नव्हतं. छाती अशी धडधडायला लागली, की यशपालला वाटलं टेम्पोचं इंजिन चालूच राहिलं.

काठावर अजिनाथ भोई जाळं साफ करत होता. त्याची होडी पत्र्याची. शेजारी त्याची म्हातारी आई गोदावरी मासे निवडत होती. उलांडी बघून दोघांचे हात थांबले.

"ही काय म्हणायची?" अजिनाथनं विचारलं. "होडीला काठी टेकाय दिलीया व्हय?"

"इतिहास आहे हा!" बनसोडे गरजले. "ढकला!"

होडी पाण्यात गेली. तरंगली. बनसोड्यांनी दोन्ही हात वर केले. हात खाली यायच्या आत उजव्या बाजूच्या सगळ्या शिवणींतून पाण्याच्या चिळकांड्या उडाल्या. होडी शांतपणे, एखाद्या म्हशीसारखी, कमरेएवढ्या पाण्यात बसली. कलंडली मात्र नाही. उलांडीनं शब्द पाळला.

मग यशपाल म्हणाला, "काका, शोकेसला काच कुठली घ्यायची?"

बनसोडे पाण्यातच उभे होते. वीस वर्षं, चाळीस पानं कमी असलेलं एक पुस्तक, आणि चार उन्हाळे. ते हळूच म्हणाले, "कुऱ्हाड टेम्पोत आहे. शब्द म्हणजे शब्द."

तेवढ्यात गोदावरी लुगडं खोचून पाण्यात उतरली. तिनं आधी उजव्या फळ्यांवरून हात फिरवला, मग डाव्या.

"मालक, हिला पाणी कदी पाजलंतं?"

"पाणी? थेंब लागू दिला नाही चार वर्षं!"

म्हातारी हसायला लागली ती थांबेचना. "आरं, लाकडाची होडी ती! माज्या सासऱ्याची व्हती की. कोरडी ठिवली की फळ्या आकसत्यात. पाणी पिली की फुगून गच्च बसत्यात. ह्ये काय लिवायचं आस्तंय व्हय? ही उजवी बाजू तानंली हाय. डावी बगा, येक थेंब आत आला न्हाय. हितं कुणी पाणी पाजलंय?"

सगळ्यांनी मीनाबाईंकडं पाहिलं. मीनाबाईंनी पदर सारखा केला.

"चादरी," त्या म्हणाल्या.

बनसोड्यांनी डाव्या फळ्यांवरून हात फिरवून पाहिला. पुस्तकात नव्हतंच हे. किनाऱ्यावरच्या माणसाला होडी ओली ठेव म्हणून कोण सांगणार? मासा पाण्यात ठेवा, असं लिहिल्यासारखंच ते.

"पण बुडाली ती बुडालीच," यशपाल साक्षीदाराच्या कडकपणानं म्हणाला. "फोडायची ठरलीय."

"कोण फोडतंय बघू!" मीनाबाई एकदम कडाडल्या. "डावी बाजू बुडाली नाही. डावी माझी. माझ्या अर्ध्याला हात लावायचा नाही. अन् तुम्ही, अहो, तुमचं अर्धं फोडून बघा, माझं तरंगतंय का ते!"

या कायद्यापुढं कुणाचं काही चाललं नाही. होडीत दगड घालून ती आणखी खोल बुडवली आणि गोदावरीच्या हुकमानं तीन दिवस तशीच ठेवली. तिघंही अजिनाथच्या ओसरीवर राहिले आणि बनसोडे दर तासाला पाण्यापर्यंत जाऊन आले. बुडालेली होडी बघायला एवढ्या उत्साहानं कुणी जात नसावं.

चौथ्या दिवशी सकाळी अजिनाथनं दगड काढले आणि पाण्यानं भरलेल्या होडीला दोन लांब दोर बांधले. होडी जड झाली होती. वस्ती गोळा झाली. वीस माणसं एका दोराला, वीस दुसऱ्याला. बायका, पोरं, दुधाच्या किटल्या खाली ठेवून गवळी, टेम्पोच्या चाव्या दातात धरून यशपाल. दोर ताणले, दोन्ही रांगा ओढत ओढत एकमेकींकडं सरकायला लागल्या, आणि बनसोडे मधेच किंचाळले.

"रापण! अरे, ही रापण आहे! अशीच! अशीच ओढतात!"

"वरडू नगा, वडा!" गोदावरी म्हणाली.

होडी काठाला लागली. बादल्यांनी पाणी उपसलं. मग पुन्हा आत ढकलली. सगळे श्वास रोखून शिवणींकडं बघत राहिले. एक मिनिट. दोन. आत एक मुंगी चालली होती. कोरड्या पायांनी चालली होती.

वस्तीनं आरोळी ठोकली. बनसोडे अजिनाथला मिठी मारत, यशपालला मारत, एकदा चुकून गवळ्याच्या किटलीलाही मारत, ओरडत सुटले, "वाटा! दोराला हात लागला त्याचा वाटा!"

"मासं कुटं हायती वाटायला?" अजिनाथ म्हणाला.

"फेऱ्या आहेत! प्रत्येकाला एक फेरी!"

चाळीस जणांचे हात लागले होते. करार होता म्हणून पहिली मीनाबाई बसल्या, ताठ, एसटीत खिडकीची जागा मिळाल्यासारख्या. मग गोदावरी, मग बाकीचे. बनसोड्यांनी दोराला हातच लावला नव्हता. ते नुसते ओरडत होते. त्यांच्याच नियमानं त्यांना वास. ते संध्याकाळपर्यंत काठावर उन्हात उभे राहिले आणि परत येणाऱ्या प्रत्येकाला विचारत राहिले, "कलंडली का? नाही ना?"

दिवस मावळताना मीनाबाईंनीच त्यांना हाताला धरून आत घेतलं. अजिनाथनं वल्हं मारलं. मधोमध गेल्यावर बनसोड्यांनी बोट बुडवून चाखलं. गोडं पाणी. "चालंल," ते म्हणाले.

मीनाबाईंनी पिशवीतून चादर काढली, पाण्यात गच्च बुचकळली आणि निथळती उजव्या काठावर पसरली. चार वर्षांच्या सवयीनं बनसोड्यांच्या तोंडाशी ओरड आली. त्यांनी ती गिळली आणि नीट वाकून पाहिलं.

"अगं, जरा पुढं सरकव," ते म्हणाले. "त्या टोकाची फळी कोरडी राहिलीय."