फक्कीचं रिंगण

म्हाळसाबाईला गारखेडा काही मानवला नाही. आता यात तिच्या नवऱ्याचा, मुंजाबाचा काय दोष? गुडघ्यानं दगा दिला, खुलताबादच्या डोंगरावर मेंढरांमागं पळणं होईना, म्हणून त्यानं कळप धाकट्या भावाच्या हवाली केला आणि इथं एका प्लॉटवर राखणदारी धरली. ऐंशी-एक्याऐंशीचं साल; शहराच्या कडेच्या गारखेड्यात तेव्हा घरं थोडी आणि मोकळी जागाच फार. पत्र्याची खोली होती, पगार वेळेवर मिळत होता. पण बाई तीन महिन्यांत कुणाशी तीन शब्द बोलली नव्हती. नळावर जायची, हंडा भरायची आणि खाली मान घालून परत यायची.

शिमगा झाला तसं तिनं शांतपणे सांगून टाकलं, "अवं, पाडवा झाला की मी धाकल्या भावजीकडं जाते. तुमी ऱ्हावा इथं."

भांडली असती तर मुंजाबानंही आवाज चढवला असता. पण ती भांडलीच नाही, म्हणजे तिचं ठरलं होतं. चाळीस वर्षं सोबत चाललेली बाई. तिच्याबिगर त्याला भाकर गोड लागायची नाही. पण हे तोंडानं कोण सांगणार? हा गडी? नाव काढू नका.

पाडव्याच्या दुसऱ्या दिवशी ती गाठोडं बांधत होती, तेवढ्यात बाहेर लांबलचक शीळ ऐकू आली. म्हाळसाबाईचे हात थांबले. ती दारात आली आणि कपाळावर हात धरून वर बघू लागली. चिमणीहून बारका, पोटाकडून काळाकुट्ट पक्षी वर वर चढला, मग पंख मिटून खाली सुटला. आता आपटतो की काय असं वाटतंय तोच शीळ घालून पुन्हा वर उसळला. अशा कोलांट्या मारतो म्हणून त्याला डोंबारी म्हणतात.

"ह्याची बायकू इथंच कुठंतरी आसंल," ती म्हणाली, आणि घटकाभरात तिनं घरटं हुडकलंसुद्धा. ढेकळाच्या आडोशाला वाळल्या गवताची वाटी, कडेनं बारके खडे रचलेले, आत तीन पिल्लं चोची वासून बसलेली. ती तीन महिन्यांत पहिल्यांदा हसली. "आठ दिसांत उडतील. तवर ऱ्हाते."

आठ दिवस! मुंजाबाला तेवढेही लई झाले. पण उद्यापासून सांडू मिस्त्रीचे गडी पाया खणायला येणार होते. रानात असं घरटं दिसलं की त्याच्याशेजारी पांढरा दगड ठेवायचा, मागून येणारा मेंढक्या कळप वळवून नेतो, ही त्यांची जुनी रीत. इथं पांढरा दगड कुठला? आखणीसाठी आणलेली चुन्याची फक्की मात्र पोतंभर होती. सकाळी उठून त्यानं घरट्याभोवती चांगलं गोल, ठसठशीत रिंगण मारलं आणि पहारी पाजवून आणायला लोहाराकडं गेला. शहाणाच म्हणायचा.

उन्हं चढल्यावर परत येताना कोपऱ्यावर चहा पीत उभा असलेला सांडू मिस्त्री भेटला. "मुंजाबा, शोषखड्ड्याची गोल आखणी झकास केलीस. मालकानं सांगितलं असंल. गडी लावलेत मी तिथं."

पहारी तिथंच टाकून मुंजाबा पळाला. गुडघा कळ मारत होता, पण त्याला एकच दिसत होतं: उकरलेली माती, आणि एसटीत बसलेली म्हाळसा.

प्लॉटवर मिस्त्रीचे चार गडी लिंबाखाली बसले होते. टिकाव बाजूला पडले होते. रिंगणाच्या कडेला म्हाळसाबाई मांडी घालून बसली होती, डोक्यावर पदर, तोंड उन्हानं लाल. शेजारची वच्छलाबाई तिला तांब्यातून पाणी देत होती.

"मावशीनं आमच्या सात पिढ्या काढल्या बाबा," एक गडी कुरकुरला. "तिकडल्या बाजूनं खणतो म्हणलं, तवा कुठं थंड झाली."

तेवढ्यात डोंबारी चोचीत किडा धरून उतरला आणि तिच्या गुडघ्यापासून दोन हातांवरून टुकूटुकू घरट्याकडं गेला. मुंजाबा धापा टाकत तिच्याजवळ टेकला. त्याचे डोळे भरून आले होते.

"माझंच चुकलं," तो म्हणाला. आणि मग, चाळीस वर्षांत जे जमलं नाही ते बोलून गेला, "तू गेलीस तर मला हितं करमायचं नाय."

"ठावं हाय मला," ती म्हणाली. "पाणी प्या आधी."

आठव्या दिवशी पिल्लं उडाली. मुंजाबानं गाठोडं स्वतःच उचलून दारात आणून ठेवलं. पिल्लं उडेपर्यंतचंच बोलणं होतं. "यष्टीला सोडू का?" त्यानं तिच्याकडं न बघता विचारलं.

म्हाळसाबाई पायांत वहाणा सरकवत होती. "वच्छलाबाई बोलवाया आलीय. तिच्या मागल्या प्लॉटवर दुसरं घरटं हाय म्हणं. अजून अंडीच हायती."

मुंजाबानं मनात दिवस मोजले. वीस तरी. जास्तच.

ती दोन पावलं जाऊन मागं वळली. "ते गाठोडं आत ठेवा. आन् फक्कीला हात लावू नका."