चेतनाची तारीख

हर्षदचा फोन आला तेव्हा रुक्मिणी दहिसरच्या अकराव्या मजल्यावर गॅलरीत बसून सुका जवळा निवडत होती. हर्षद म्हणजे धाकट्या दिराचा मुलगा. गावी कुडाळकडे असतो, देवळाच्या जीर्णोद्धार कमिटीत आहे आणि बोलताना कायम घाईत असतो.

"काकी, वंशावळ छापतोय. पहिल्या पिढीपासून सगळी परब मंडळी. आणि ह्या टायमाला मुलींचीही नावं घालतोय हां! तुझ्या घरातली नावं क्षमावहिनीकडून पाठवून दे."

"मुलींची पण?"

"मग! जमाना बदललो."

रुक्मिणीने ताट बाजूला सारलं. "मग चेतनाचं घाल. माझ्या पहिल्या मुलीचं."

हर्षद म्हणाला, "काकी, ती तर तान्ही असताना गेली ना? त्यांना धरत नाहीत गं वंशावळीत."

"का धरत नाहीत? मी नऊ महिने पोटात धरली, नऊ महिने मांडीवर धरली. दोन दात आले होते तिला. तुमच्या कमिटीला धरायला काय झालं?"

हर्षद वाईट नव्हता. त्याची अडचण वेगळीच होती. भावकीतल्या दोघांनी जमिनीच्या वाट्यासाठी नसलेली माणसं वंशावळीत घुसवल्याचा वाद नुकताच झाला होता. तेव्हापासून कमिटीने ठरवलं, तारीख पाहिजे आणि तारखेला कागद पाहिजे. "एक कागद आण काकी, जन्माचा नाहीतर मरणाचा. मग बघतो कोण नाही म्हणतो ते."

आता तारीख कुठून आणायची? रुक्मिणीला एवढंच ठाऊक होतं की चेतना गौरीजेवणाच्या दिवशी गेली. त्याच वर्षी पुढे युद्ध झालं आणि चाळीत सगळ्यांनी खिडक्यांना काळे कागद चिकटवले. जन्म घाटकोपरच्या चाळीतल्या खोलीतच झालेला, सुईणीच्या हातून, त्याची नोंद करायचं कुणाच्या डोक्यातही आलं नाही. फोटो नाही. सासू गेली, नवरा चंद्रप्रकाश गेला. मुलगा सुयोग चेतनानंतर दोन वर्षांनी झाला, त्याला बहीण होती हे फक्त ऐकून माहीत. आपण गेलो की चेतना होती हे सांगणारंही कुणी उरणार नाही, हे रुक्मिणीला त्या दिवशी लख्ख कळलं आणि जवळ्यातले खडे तिला दिसेनासे झाले.

संध्याकाळी ऑफिसातून आलेल्या सुनेला तिने सगळं सांगितलं. क्षमा बँकेत होती, कागदांना भिणारी नव्हती. म्हणाली, "आई, लहान मुलांना पुरायचे ना तेव्हा? मग स्मशानात नोंद असणार. ती जुनी वह्या-रजिस्टरं वॉर्ड ऑफिसात असतात. मी रजा टाकते."

दोघी रिक्षाने, मग मेट्रोने घाटकोपरला गेल्या. उतरल्यावर रुक्मिणी आपली जुनी चाळ शोधत राहिली. तिथे आता टॉवर होता आणि चाळीच्या नळाजवळ जिथे भांडणं व्हायची तिथे दागिन्यांचं दुकान.

वॉर्ड ऑफिसात नीलम नावाची मुलगी होती. अर्ज वाचून तिने आतून एक जाडजूड रजिस्टर आणलं. पानं तपकिरी, कडा कुरतडलेल्या. श्रावणापासून आश्विनापर्यंतची पानं तिने आडनावांवरून बोट फिरवत एकेक करून पाहिली.

"त्या वर्षी लहान मुलं फार आहेत, आजी," ती हळू आवाजात म्हणाली. "पण परब नाही कुणी."

"नीट बघ गं बाळा."

तिने पुन्हा बघितलं. परब होते, एक म्हातारे गृहस्थ. मूल नव्हतं. "तेव्हा कधीकधी लोक नोंद न करताच पुरायचे," नीलम म्हणाली. तिला तसं म्हणायला जड जात होतं, हे रुक्मिणीला दिसलं. तिने तिचे आभार मानले आणि बाहेर येऊन बाकावर बसली.

"आई, पाणी प्या."

"घरी नाही जायचं एवढ्यात. लताकडे चल. तिच्या नवऱ्यानेच नेलं होतं ना चेतनाला."

ते तिला पक्कं आठवत होतं. गणपतीत कोकणातल्यांची चाळ म्हणजे ओस. दारादाराला कुलूप. गिरणीत काम करणारे सगळे बाप्ये, बायकापोरांसकट, एसटीने गावाला. त्या वर्षी घरच्या गणपतीची पाळी चंद्रप्रकाशची होती, म्हणून त्याला जाणं भाग होतं. रुक्मिणी मागे राहिली, कारण तिला आणि लेकीला दोघींनाही ताप. साधा ताप आहे, उतरेल, असं सगळे म्हणाले. तो उतरला नाही. चाळीत उरली होती ती घाटावरची माणसं. पलीकडच्या खोलीत खंडू कांबळे, साताऱ्याकडचा, बौद्ध, चंद्रप्रकाशच्याच गिरणीत बॉयलरवर. त्याची बायको लता रुक्मिणीच्या डोक्यावर मिठाच्या पाण्याच्या पट्ट्या ठेवत होती. खंडूने चेतनाला रुक्मिणीच्याच जुन्या हिरव्या लुगड्यात गुंडाळलं आणि नेलं. जाताना बाळाच्या तोंडावर ऊन येऊ नये म्हणून त्याने लुगड्याचा काठ ओढून घेतला होता. तापात रुक्मिणीला तेवढंच दिसलं. पुढचं विचारायची तेव्हा बायकांना सवय नव्हती आणि बाप्यांना सांगायची.

लता आता मागच्या गल्लीत, नव्या बिल्डिंगमध्ये मुलाकडे राहत होती. गुडघे गेलेले, जीभ मात्र शाबूत. दार उघडताच म्हणाली, "आली का दहिसरची शेठाणी! मेल्यावर येशील वाटलं होतं मला."

"कुणाच्या मेल्यावर?"

"आता जी पहिली जाईल तिच्या. बस. क्षमा, पोरी, तू किती वाळलीस? सासू जेवायला घालत नाही का?"

भिंतीवर बुद्धाच्या आणि बाबासाहेबांच्या फोटोशेजारी खंडूचा फोटो होता, टोपी घातलेला, न हसणारा. चहा झाला. रुक्मिणीने हर्षदचं, रजिस्टरचं सगळं सांगितलं. "नोंदच नाही गं लता. म्हणजे ती झालीच नाही असं."

लताने कपबशी खाली ठेवली, पदराने तोंड पुसलं आणि नवऱ्याच्या फोटोकडे बघितलं, जणू त्याची परवानगी घेत होती.

"परबात कशाला शोधता?" ती म्हणाली. "कांबळ्यात बघा."

"म्हणजे?"

"अगं, ते गेले ना घेऊन, तर तिथं ह्यांच्या आधी एकजण उभा होता, शेजाऱ्याचं मूल घेऊन. त्याला रजिस्टरवाल्याने परत पाठवलं. म्हणाला, बाप आण, नाहीतर भाऊबंद आण, परक्याच्या हाताने माती देता येणार नाही. ह्यांनी ऐकलं. आता तुझ्या नवऱ्याला तार जायची कधी, तो एसटीने यायचा कधी? तोवर बाळाला काय हातात धरून बसायचं? ह्यांचा नंबर आला, त्याने विचारलं, तू कोण? हे म्हणाले, बाप."

"आणि मला कधी सांगितलं नाहीस?"

"त्यांनीच शपथ घातली होती. म्हणायचे, रुक्मिणीबाईची पोर तर गेलीच, वर तिच्यावर आपलं नाव लागलं हे कळलं तर तिला काय वाटेल? तिच्या गावची माणसं काय म्हणतील? तेव्हाचे दिवस तुला माहीत आहेत. तुझी सासू माझ्या हातचं पाणी तरी प्यायची का?"

रुक्मिणीने मान हलवली. नव्हती प्यायची.

"तुझ्या नवऱ्याला मात्र सांगितलं. गावाहून आला त्याच दिवशी, गिरणीच्या गेटवर. बाप होता, त्याला सांगायलाच पाहिजे. चंद्रप्रकाश ह्यांचा हात धरून किती वेळ नुसता उभा राहिला म्हणे. तुला काय वाटलं, ते आंबे उगाच यायचे आमच्याकडे?"

आंबे! रुक्मिणीला एकदम आठवलं. दर मे महिन्यात गावाहून पेटी आली की देवासमोर दोन ठेवले न ठेवले तोच चंद्रप्रकाश पहिली पाटी भरून खंडूकडे न्यायचा. निवडक, मोठे, डाग नसलेले. ती कुरकुरायची. स्वतःच्या घरात लासे लागलेले, चिकाने काळे पडलेले आणि शेजाऱ्याला हापूस? तो म्हणायचा, "तू मधी पडू नको." आयुष्यभर तिला वाटत होतं, दोघांची गिरणीतली दोस्ती. तो माणूस आपल्या परीने दर वर्षी काय करत होता, ते तिला आज, त्याच्या मागे एवढ्या वर्षांनी, लताच्या कोचावर बसून कळलं.

"आणि तिकडे हे," लता म्हणाली, "वर्षातून एकदा मेणबत्ती लावून यायचे. तुमच्या गौरी असतील तेव्हा. मी म्हटलं, आपलं नाही ते मूल. म्हणाले, तोंडाने एकदा बाप म्हटलंय, आता मागे कसं घेऊ?"

रुक्मिणी रडली, पण पूर्वीसारखं नाही. लेक गेल्यापासून तिच्या पोटात एक चित्र घट्ट बसलं होतं, की आपलं मूल कुठेतरी परक्या जागी, कुणाचंच नसल्यासारखं पडलं. ते चित्र खोटं निघालं होतं. चेतनाला एक सोडून दोन बाप होते.

लता काठी घेऊन उठलीच. "चल, मी येते. कांबळ्यांच्या नोंदीला कांबळीण लागेल ना?"

नीलमने दुपारी पुन्हा तेच रजिस्टर काढलं आणि या वेळी पान लगेच सापडलं. निळ्या शाईतली ओळ होती. चेतना खंडू कांबळे, मुलगी, वय नऊ महिने, ताप. शेवटी खंडूची सही, ठळक, एकेक अक्षर सावकाश काढलेली. आणि डाव्या बाजूला तारीख.

रुक्मिणीने तारखेवर बोट ठेवलं. "ही घे. ही माझ्या चेतनाची."

सगळी हकीकत ऐकून नीलमचेही डोळे भरले. मग कामाचं बोलायचं म्हणून ती म्हणाली, "आजी, प्रतिज्ञापत्र केलंत तर वडिलांचं नाव दुरुस्त होऊ शकतं. परब लावता येईल."

क्षमाला ते पटलं. "करूया आई. नाहीतर हर्षदभावजींची कमिटी हा कागद घेणारच नाही. कांबळे बघून म्हणतील, ही आमची नव्हेच."

खरं होतं. एवढं सगळं करून जे मिळवायचं होतं ते त्या एका आडनावावर अडणार होतं. लता काठीच्या मुठीवरून अंगठा फिरवत होती. रुक्मिणीने पुन्हा त्या सहीकडे बघितलं.

"दुरुस्त काय करायचं?" ती म्हणाली. "चुकलंय कुठे? आहे तसा दाखला द्या."

तिथून तिघी स्मशानात गेल्या. रुक्मिणीने आजवर तिथे पाऊल टाकलं नव्हतं. तिच्या काळी बायका येत नसत. लहान मुलांचा भाग कुंपणालगत होता. जागा पुन्हा पुन्हा वापरलेली, कुठली कुणाची हे सांगता येणार नाही. लताने अंदाजाने एक कोपरा दाखवला. "इथे कुठेतरी लावायचे ते." क्षमाने येताना दुकानातून दोन मेणबत्त्या घेतल्या होत्या. रुक्मिणीने एक चेतनासाठी लावली आणि दुसरी खंडूसाठी. हात जोडताना तिला मागण्यासारखं काही आठवेना. सगळं दिलेलंच होतं.

मग तिथेच कट्ट्यावर बसून तिने हर्षदला फोन लावला आणि सगळं सांगितलं. कांबळेसकट.

"अरे देवा," हर्षद म्हणाला. "काकी, कागदावर बाप दुसराच! मी कमिटीला काय सांगू?"

"जे झालं ते सांग. तारीख मिळाली, कागद मिळाला. चेतना चंद्रप्रकाश परब असं छाप आणि खाली लिही, माती देणारे खंडू भिवा कांबळे, सातारा."

"वंशावळीत असा रकाना नसतो गो काकी."

"मग पाड. तुझे काका गणपतीची पाळी करत होते, तुझे आजोबा आरती म्हणत होते, तू तर जन्मालाही आला नव्हतास. परबांपैकी एकजण तरी होता काय रे तेव्हा तिच्याजवळ? जो होता त्याचं नाव नको असेल तर माझंही छापू नका."

फोनमधून कोंबड्याचा आवाज आला; हर्षद अंगणात असावा.

मग तो म्हणाला, "बाबा सांगत असत. काका पेटी फोडताना एक पाटी वेगळी काढत आणि कोणाक हात लावूक देत नसत. तीच काय ती?"

"तीच."

"भिवा ना वडिलांचं नाव?" हर्षदने विचारलं. "थांब, पेन घेतो. कमिटीचं मी बघतो काय ते."

रुक्मिणीने फोन बंद केला आणि लताचा हात हातात घेतला. दोघींचे हात म्हातारे, शिरा वर आलेले.

"आता बस झालं," लता म्हणाली. "मला त्या गौरी जेवतात तेव्हा जेवायला बोलव. आणि त्या हर्षदला सांग, पाटीचं नाव निघालंच आहे तर मे महिन्यात विसरू नको म्हणावं. आणि लासे लागलेले नकोत."