सहीशिवाय शिक्का नाही

मनोहर दाबके कस्टम्समधून निवृत्त होऊन चार वर्षं झाली होती, पण सुंभ जळला तरी पीळ थोडाच जातो! बेहाला उपनगरातल्या घरी भाजीवालासुद्धा त्यांच्या तपासणीशिवाय सुटत नसे. खिदिरपूरच्या गोदीत जपानी सिनेमाचं चित्रीकरण आलं, तेव्हा दुभाषी असलेल्या त्यांच्या मुलीनं, यामिनीनं, त्यांना कस्टम्स अधिकाऱ्याची छोटीशी भूमिका मिळवून दिली. स्वारी हरखली.

समोर होते जपानी नट कुराता. पंचेचाळीस वर्षांत हवालदार, भिक्षू, खुनी, न्हावी, एकदा तर नायिकेची आजीसुद्धा झालेला माणूस. पोस्टरवर मात्र कधी चेहरा नाही. हा त्यांचा शेवटचा सिनेमा. म्हाताऱ्या खलाशाची भूमिका, आणि प्रसंग एकच.

"बाबा, गोदीची परवानगी पाचपर्यंतच आहे," यामिनीनं बजावलं. "एकदाच घेणार. बिघडलं तर कुरातांचा प्रसंगच काढून टाकणार आहेत. तुम्ही फक्त शिक्का मारायचा."

"एवढंच ना?" मनोहरराव म्हणाले.

कॅमेरा सुरू झाला. कुरातांनी कागद पुढे केला. मनोहररावांनी शिक्का उचलला आणि सवयीनं खाली पाहिलं. सहीची जागा कोरी! हात हवेतच थांबला.

"साइन किधर है?" ते गुरगुरले.

यामिनीनं कपाळाला हात लावला. मनोहररावांच्या ध्यानात आलं, पण बाण सुटला होता. एका माणसाची अखेरची संधी आपण मातीत घातली!

कुरातांना हिंदी कळत नव्हतं. कोऱ्या जागेवर टेकलेलं बोट कळलं. त्यांनी एकेक खिसा चाचपला. ओशाळं हसले. मनोहररावांनी आपलं पेन पुढे केलं. म्हाताऱ्यानं एकेक अक्षर जुळवत सही केली. मग शिक्का पडला.

"कट" यायला बराच वेळ लागला. दिग्दर्शक डोळे पुसत होता. प्रसंग राहिला, तोही जसाच्या तसा.

मनोहरराव माफी मागायला गेले. कुराता हळू आवाजात काही बोलले.

"ते म्हणतात," यामिनीनं सांगितलं, "मी शेकडो माणसं झालो. समोरच्याला कायम नटच दिसला. आज पहिल्यांदा कुणीतरी मला खरा खलाशी समजून अडवलं."

मनोहररावांनी टोपी नीट केली.

"सांग त्यांना, आता कागदात काही खोट नाही. खुशाल घरी जा म्हणावं."