गोधडीतला निळा तुकडा

“दीपे, दार उघड. मी हाय.”

आईचा आवाज कानावर पडला आणि धम्मदीपा दचकली. लवळ्याच्या या भाड्याच्या खोलीत आई न सांगता कधीच आली नव्हती. दिवा पेटलेला, मोबाइल स्टँडवर लावलेला, अंगात लेसची काळी ब्रेसियर आणि चड्डी. तिनं झटक्यात गाऊन चढवला, दिवा घालवला. मागच्या भिंतीवर टांगलेली गोधडी काढायला मात्र वेळ मिळाला नाही.

केशरबाईंनी चपला बाहेर काढल्या, पिशवी खाली ठेवली आणि थेट भिंतीकडं पाहिलं.

“म्हंजी तूच हायेस.”

“बस ना आई. पाणी देते.”

“पानी मागनं. आदी सांग, काय चाललंय ह्ये?”

काय सांगणार? घरी तिनं ‘ऑनलाइन कपड्यांचं काम’ असं सांगितलं होतं. ते धड खोटं नव्हतं, धड खरंही नव्हतं. आधी ती इथल्याच एका कॉलेजच्या हॉस्टेलच्या कॅन्टीनला काउंटरवर उभी राहायची. मग एका व्यापाऱ्यासाठी आतल्या कपड्यांचे फोटो काढून दिले. पुढं इंटरनेटवर स्वतःचंच पान उघडलं. महिन्याचे पैसे भरणाऱ्यांनाच ते फोटो दिसत, आणि भरणारे बहुतेक परदेशातले. नियम तिचे तिनंच घातले होते. अंगावरचा कपडा उतरणार नाही आणि चेहरा दिसणार नाही. उजेड कुठून घ्यायचा, खांदा किती वळवायचा, हे ती बघून बघून शिकली होती, आणि कशाला खोटं बोला, तिला त्याचा अभिमानही होता.

एकच चूक झाली. मागची पांढरी भिंत दवाखान्यासारखी दिसते म्हणून तिनं आईची गोधडी टांगली. चेहरा जिवापाड झाकला आणि आईच्या हातचे टाके उघडे टाकले! अहो, ती काय दुकानातली चादर होती? तिच्या मधोमध ज्ञानदेवांच्या, म्हणजे धम्मदीपाच्या वडिलांच्या, निळ्या सदऱ्याचा चौकोन होता. दरवर्षी भीमजयंतीच्या मिरवणुकीत ते तो सदरा घालायचे. ते गेले, आणि लेक एकटी राहायला निघाली तेव्हा केशरबाईंनी तो कापून गोधडीत घातला. झोपताना बाप जवळ असावा म्हणून.

“कुनीतरी तुजा फोटू चोरून गावात पाटवलाय,” केशरबाई म्हणाल्या. “एसटीच्या थांब्यावर पोरं मोबाइलात बगून खिदळत व्हती, म्या मागनं डोकावलं. आपला प्रदीपबी हसत व्हता.”

सख्खा भाऊ!

“दादाला कळलं?”

“त्येला काय कळतंय? त्या मेल्यांची नजर गोधडीवर व्हती व्हय? म्या तेवढी गोधडीच बगितली.”

केशरबाई तिच्याशेजारी येऊन टेकल्या.

“कुनी जबरदस्ती केली का गं?”

“नाही आई. माझ्या मनानं करते.”

“सोडशील?”

हो म्हणणं किती सोपं होतं! आईनं विश्वासही ठेवला असता. पण हिच्याशी आणखी खोटं बोलायचा तिला मनापासून वीट आला होता.

“नाही सोडणार. आई, मला घरी येऊ देशील ना?”

केशरबाईंनी गोधडीकडं पाहिलं. “कात्री हाय का?” एवढंच विचारलं.

आता ही गोधडी फाडणार, असं वाटूनही धम्मदीपानं कात्री दिली. केशरबाईंनी गोधडी उतरवून मांडीवर घेतली आणि निळ्या चौकोनाचा एकेक टाका उसवायला लागल्या. कापड कुठं ओढलं जाणार नाही असं जपून. तुकडा सुटा झाला तशी त्यांनी त्याची घडी घातली आणि कनवटीला लावली.

“मला ह्ये पटत न्हाई. मरूस्तवर पटायचं न्हाई,” त्या म्हणाल्या. “तुज्या बाबास्नी तर बगवायचंच न्हाई. त्यास्नी मी घरला नेते.”

मग उठून त्यांनी गोधडी पुन्हा भिंतीवर टांगली, पण उलटी. मागच्या बाजूला त्यांचंच एक जुनं हिरवं लुगडं अखंड लावलेलं होतं.

“ह्या अंगाला मी हाय. मला कोन वळखतंय?”

केशरबाईंनी पिशवीतून भाकरीचं फडकं काढून ओट्यावर ठेवलं, पाणी प्यायल्या आणि चपला घातल्या.

“बुद्धपौर्णिमेला ये. पांढरं पातळ नेसून ये.”

“आणि बाबांचा तुकडा?”

“त्यो घरीच ऱ्हाईल. आलीस की बगशील.”

आई उतारानं थांब्याकडं गेली. ती वळणाआड होईपर्यंत धम्मदीपा दारात उभी होती. मग आत आली, दिवा लावला, पण मोबाइलला हात लावला नाही. लुगड्याच्या काठाशी हळदीचा एक जुना डाग होता. त्यावर गाल टेकून ती पोटभर रडली.